बिनपाण्याच्या नदीवरचा बंधारा

ऑक्टोबरचा पहिला रविवार. रक्कम सातशे नव्व्याण्णव रुपये, कार्डावरून भरली. हजर मी एकटा.

खरेदी एका कॉम्प्युटर गेमची होती. पन्नाशी उलटलेल्या, एका सहकारी संस्थेत हिशेब तपासणाऱ्या माणसानं गेम विकत घेतला तर त्याचं कारण सांगणं भाग आहे.

हा गेम आमच्या घरात आधीपासून होता, पण मुलीच्या नावावर. ती कॉलेजात असताना तिनं तो घेतला. आता ती जर्मनीत नोकरीला आहे. तिचा कॉम्प्युटर, टेबल आणि खोली इथं मंगळवार पेठेतच राहिली. सप्टेंबर संपता संपता तिचा निरोप आला : 'पप्पा, अपडेट आलंय. गेममध्ये पाणी आलंय. आणि आता दोघांना एकाच जगात जाता येतं. तुम्ही तुमची प्रत घ्या, रविवारी भेटू.'

आमचा रविवारचा फोन असायचाच, पण त्याला भेट म्हणावं असं त्यात काही नव्हतं. "जेवलात का?" "जेवलो. तू?" "जेवते आता." "थंडी आहे?" "आहे. तिकडं पाऊस?" "आहे." माझी बायको होती तेव्हा हा फोन तासभर चालायचा आणि शेवटची दोन मिनिटं माझ्या वाट्याला यायची. ती गेल्यावर अख्खा फोन माझ्या वाट्याला आला, आणि तो त्या दोन मिनिटांपेक्षा फारसा मोठा झाला नाही.

या गेममध्ये जिंकायचं नसतं. गुण नाहीत, शत्रू नाहीत, वेळ संपत नाही. एक मोकळं मैदान मिळतं आणि सामान मिळतं : फळ्या, वासे, दगड, दोर, चाकं, काच. प्रत्येक वस्तूला वजन असतं. ठेवलेली वस्तू नीट टेकलेली नसेल तर पडते, कमकुवत असेल तर मोडते. बाकी तुम्ही काय बांधायचं ते तुमचं तुम्ही ठरवायचं. सुरुवातीला मला हे पटलं नव्हतं. ज्याच्या शेवटी आकडा येत नाही तो खेळ कसला, असं मी तिला म्हणालो होतो. ती म्हणाली, "मग तुम्ही बसा शेजारी आणि वजनं मोजा." मी बसलो.

काय बांधायचं यावर आमचा वाद झाला नाही. माझं बालपण कसबा बावड्यात, नदीकाठच्या शेतात गेलं. तिथला बंधारा मला तोंडपाठ होता. नदीच्या पात्रात ओळीनं दगडी खांब, प्रत्येक खांबाच्या दोन्ही अंगांना खाचा, त्या खाचांत आडव्या सरकवलेल्या जाड लाकडी फळ्या. त्यांना आमच्याकडं बरगे म्हणतात. पावसाळा संपला, नदी उतरली की बरगे घालायचे आणि पाणी अडवायचं. पाऊस तोंडावर आला की काढून घ्यायचे, म्हणजे पुराला वाट मिळते. बावड्यात लहान पोरालाही हे ठाऊक असतं. बरगे कधी घालायचे हे नदी सांगते, आपण ठरवत नाही.

मुलीनं खांब उभे केले, मी मापं सांगितली. त्या वेळी गेममध्ये पाणीच नव्हतं, म्हणून आम्ही खांबांच्या वरच्या अंगाला निळ्या काचेच्या फरशा अंथरल्या. खरं तर बरग्यांच्या दोन ओळी लागतात आणि मध्ये माती दाबून भरावी लागते, नाहीतर फटींतून पाणी जातं. पण एका जगात ठरावीक संख्येपेक्षा जास्त तुकडे ठेवता येत नसत, माती तर नव्हतीच. काच काही गळत नाही. आम्ही एका ओळीवर भागवलं.

बायको चहा घेऊन आली आणि आमच्या मागं उभी राहून बघत राहिली.

"पाणीच न्हाई आणि बंधारा बांधलाय," ती म्हणाली. "बाप-लेक शहाणीच की तुम्ही."

"आई, तू पण काहीतरी ठेव," मुलगी म्हणाली आणि माउस तिच्या हातात दिला.

तिनं एक फळी उचलली. ती तिच्या हातून बरीच भटकली, आधी आकाशात, मग काचेवर. शेवटी तिनं ती बंधाऱ्याच्या मधल्या खांबावर आडवी टेकवली. पलीकडच्या काठाला तोंड करून, बाकासारखी. थोडी तिरकी.

"ही कशाला?" मी विचारलं.

"कुणीतरी बसाय नको व्हय? दारात फळी टाका म्हणून किती वर्सं सांगतोय, तुम्ही काय टाकत न्हाईसा. हितं तरी ठेवतो."

आमच्याकडं बायका 'सांगतो, ठेवतो' असंच म्हणतात. दारातल्या फळीचं तिचं म्हणणं खरं होतं. आमचं दार थेट बोळात उघडतं. गटार झाकलं तेव्हा पुढचा कट्टा गेला, आणि तेव्हापासून दारात येणारं माणूस उभ्या उभ्या बोलून जातं. मी एकदा सुताराकडं भाव विचारला होता आणि पुढच्या महिन्यावर टाकलं होतं.

गेममध्ये वस्तू जागेवर पक्की करायला खिळे मारावे लागतात. तिला ते माहीत नव्हतं. तिची फळी नुसती टेकलेली होती. वारा नव्हता, पाणी नव्हतं, म्हणून ती टेकलेलीच राहिली. मुलगी परदेशी गेली, पुढच्या वर्षी बायको गेली. मी अधूनमधून त्या खोलीत जाऊन कॉम्प्युटर लावत असे. बांधत काही नसे. फळी आहे ना एवढं बघायचो आणि बंद करायचो. हे मी मुलीला कधी सांगितलं नव्हतं.

तेव्हा ती अपडेटची बातमी माझ्यापर्यंत कशी पोचली असेल याची कल्पना यावी. काय काय नवीन आलं याचं पत्रक मी छापून घेतलं आणि ऑफिसचं परिपत्रक वाचावं तसं पेन्सिल घेऊन वाचलं. पाणी आता वाहतं, साचतं आणि वस्तूंना ढकलतं. लाकूड पाण्यावर तरंगतं, भिजलं की फुगतं. दोरांना स्वतःचं वजन आलं आहे, ते झिजतात. माती आहे, ती ओली झाली की बसते. वारा आहे. तुकड्यांच्या संख्येची मर्यादा काढली आहे. प्रत्येक जगाला आता स्वतःचं वर्ष आहे. पाऊस आधी डोंगरावर पडतो आणि नदीला मागाहून येतो. जो खेळाडू हजर नसेल त्याची आकृती तो शेवटी जिथं होता तिथं बसून राहते. आणि सगळ्यात शेवटी, बारीक अक्षरात : जुनी जगं नव्या नियमांनी चालतील, ती जुन्या नियमांवर परत नेता येणार नाहीत.

वाऱ्याच्या ओळीखाली मी रेघ मारली. पाण्याच्या ओळीखालीही मारली.

मुलीला 'नको' म्हणायचं तर कारण सांगावं लागलं असतं. आईबद्दल आम्ही दोघं बोलत नव्हतो. ठरवून नाही, पण नव्हतो. आणि 'हो' म्हटलं तर एक तास तिच्याबरोबर मिळणार होता. मी त्या जगाची एक प्रत पेनड्राइव्हवर काढली, तो टेबलाच्या खणात ठेवला आणि पैसे भरले.

अडीच वाजता हेडफोनमध्ये तिचा आवाज आला.

"पप्पा, दिसतेय का मी?"

"पिवळं हेल्मेट घातलेली तू का?"

"हो. तुम्ही खांबाकडं तोंड करून उभे आहात."

"वळायचं कसं?"

"माउस फिरवा."

"फिरवला."

"आता आकाशाकडं बघताय."

अशी दहा मिनिटं गेली. मी चालायला शिकलो. पळायचं कोणत्या बटणानं ते तिनं सांगितलं, पण मला दोन बटणं एकदम दाबायला जमलं नाही. मी बंधाऱ्यावर चढलो आणि मधल्या खांबाकडं बघितलं. फळी होती. बारीक वारा सुटलेला होता, काठावरचं गवत हलत होतं, पण फळी जागेवर होती. खिळे कसे मारतात हे मला माहीत होतं. पण तिच्यासमोर मारायचे म्हणजे ती विचारणार, कशाला. ती गेली की गुपचूप मारावेत असं मी ठरवलं.

निळी काच आम्ही काढून टाकली. तिनं वरच्या अंगाला पाणी सोडलं. खरंच पाणी. वाकडंतिकडं येत, खड्डे भरत, खांबांना वळसा घालत आलं, आणि बरग्यांच्या फटींतून सरळ निघून गेलं.

"गळतंय की सगळं," ती म्हणाली.

"गळणारच. दुसरी ओळ कुठं आहे?"

"तुम्हीच म्हणाला होता तेव्हा, एकीवर भागवू."

"तेव्हा तुझी नदी काचेची होती."

ती हसली. कितीतरी महिन्यांनी ते हसू फोटोतलं नव्हतं. मग आम्ही कामाला लागलो. मी बरगे मोजून द्यायचे, तिनं खाचांत सरकवायचे. दोन खांबांमधला एक गाळा झाला, दुसरा झाला. मध्ये माती ओतली. ओली झाली की ती बसायची, मग आणखी ओतायची.

तिसऱ्या गाळ्याच्या वेळी माझं लक्ष मागच्या डोंगरांकडं गेलं. ते काळे पडले होते. आमच्याकडं ऊन होतं.

"तिकडं पाऊस पडतोय," मी म्हणालो. "हे जग अजून पावसाळ्यात आहे. बरगे आत्ता घालायचे नसतात."

"किती वेळ लागेल पाऊस जायला?"

"ते मला काय माहीत? नदी उतरेपर्यंत थांबायचं असतं."

"पप्पा, मला तुमच्या साडेतीनला निघायचंय. मैत्रिणी खाली येतायत."

भिंतीवरच्या घड्याळात तीन वाजून गेले होते. बावड्यात कुणी मला काळ्या डोंगराखाली बरगे घालायला सांगितलं असतं तर मी त्याला वेड्यात काढलं असतं.

"घाल मग," मी म्हणालो.

आम्ही घातले. शेवटचा बरगा बसला आणि गळती थांबली. पाणी वर चढायला लागलं. हिरवट, संथ. काठावरची झाडं त्यात उलटी दिसायला लागली. "भारी दिसतंय," ती म्हणाली. मीही तेच म्हणालो.

मग डोंगरावरचं पाणी आलं. लाट वगैरे नव्हती, नुसती पातळी चढत गेली. ज्यांनी पंचगंगा बघितली आहे त्यांना हे चढणं ओळखीचं आहे. त्याला आवाज नसतो.

"पप्पा, मधले बरगे काढा."

मी एक धरून ओढला. हलला नाही. लाकूड भिजून फुगलं होतं. तीही ओढत होती.

"अडकलेत," ती म्हणाली. "हे पण अपडेटमध्येच आहे ना?"

"आहे. वाचलंय मी."

पाणी बंधाऱ्याच्या माथ्यावरून गेलं. तिची आकृती आणि माझी आकृती, दोघंही गुडघाभर पाण्यात उभे होतो. मधल्या खांबावरच्या फळीचं एक टोक उचललं गेलं. ती थोडी वळली, दुसरं टोक सुटलं आणि ती निघाली.

मी हातातला बरगा सोडला. मुलगी म्हणाली,

"आईची फळी."

तोवर मला वाटत होतं की ती फळी कुणाची हे माझ्याशिवाय कुणाच्या लक्षात नाही.

"थांबा, मी पळतो," ती म्हणाली. जर्मनीला गेल्यापासून फोनवर ती 'बघते, जाते' म्हणायला लागली होती. पिवळं हेल्मेट काठाकाठानं पळत गेलं. मी मागून चालायला लागलो, पण माझ्या चालीनं काय होणार होतं. हेडफोनमध्ये तिचा आवाज तेवढा येत होता. "दिसतेय... दिसतेय... झाडाला अडकलीय. थांबा. सुटली." मग बराच वेळ नुसता कीबोर्डचा आवाज. मग तोही थांबला.

"पप्पा."

"हं."

"गेली. मी कडेला उभी आहे. याच्या पुढं गेम नाहीये."

गेमचं जग कुठंतरी संपतं, आणि त्या कडेच्या पलीकडं गेलेली वस्तू परत येत नाही. हे जुन्या गेममध्येही तसंच होतं.

"असू दे," मी म्हणालो.

ती रडत होती की नाही ते मला कळलं नाही. थोड्या वेळानं ती म्हणाली, "दारात तुम्ही काय टाकत न्हाईसा, हितं तरी ठेवतो." अगदी आईच्या सुरात म्हणाली. मला हसू आलं. तिलाही आलं. मग ती आईबद्दल बोलायला लागली. परीक्षेच्या वेळी ती आईला 'झोप' म्हणायची आणि आई खुर्चीतच झोपायची. जोतिबाला गेलो होतो तेव्हा पायऱ्यांवर आईची चप्पल तुटली आणि ती अख्खा डोंगर माझी चप्पल घालून उतरली, मी अनवाणी. हे मी विसरलो होतो. तिनं सांगितल्यावर तळपायांना आठवलं. मध्येच तिच्या दाराची बेल वाजल्याचं ऐकू आलं.

"तुझ्या मैत्रिणी आल्या."

"थांबतील," ती म्हणाली.

चार वाजून गेल्यावर ती उठली. जाताना म्हणाली, "पप्पा, तुम्ही नक्की प्रत काढून ठेवली असणार."

"ठेवलीय."

"मग झालं तर. पुढच्या वेळी ती उघडू. उघडल्या उघडल्या आधी त्या फळीला खिळे मारायचे, मग पाणी सोडायचं."

हिशेबानं तिचं बरोबर होतं. पण पेनड्राइव्ह मी खणातून काढलेला नाही. ती प्रत उघडली की त्याच क्षणी वारा सुरू होणार. खिळे मारायला एक मिनिटही लागणार नाही, हे मला कळतं. पण बायकोनं फळी ठेवली ती बिनखिळ्याची. खिळे मारले की ती माझी झाली. आणि ज्या जगात ती वाहून गेली तिथंच मुलगी तिच्यामागं पळाली होती. खणातल्या जगात ती अजून पळालेली नाही.

पुढच्या रविवारी मुलीला काम निघालं. त्याच्या पुढच्या रविवारी ती आली, पण गडबडीत. दिवाळीच्या सुमारास एकदा आली. मग तिकडं थंडी पडली, ऑफिसचं काम वाढलं आणि आमचा फोन पुन्हा फोनसारखा झाला. मी तिला दोष देत नाही. तिच्या वयाला मी बावड्याला महिन्यातून एकदा जात होतो, आणि ते तर सायकलच्या अंतरावर होतं.

मी मात्र रविवारी अडीचला जातो. ते जग आता इथल्या, तिच्या खोलीतल्या कॉम्प्युटरवरच चालतं. त्यातली नदी उतरली तेव्हा फुगलेले बरगे सुकून सैल झाले. ते मी काढले आणि वेळेवर परत घातले, दोन ओळी, मध्ये माती. आता थेंब गळत नाही. मधल्या खांबावर मी काहीच ठेवलेलं नाही.

शेवटच्या वेळी घाईत बाहेर पडताना मुलगी जगाच्या कडेशी होती. पुन्हा तिथंच गेली होती, का ते मी विचारलं नाही. त्यामुळं तिची आकृती तिथं बसून आहे. पत्रकात लिहिलं होतं तसंच. बंधाऱ्यावरून पिवळं हेल्मेट एवढंसं दिसतं. एका रविवारी मी चालत तिथपर्यंत गेलो. पळायला मला अजून येत नाही, त्यामुळं बराच वेळ लागला. ती जमिनीवर बसलेली होती, गुडघे जवळ घेऊन, पाण्याकडं तोंड करून. शेजारी कोण आलं ते अशा वेळी आकृतीला कळत नसतं. बसायचं बटण कुठलं ते मला माहीत नाही, म्हणून मी उभाच राहिलो.

कॉम्प्युटर बंद करून मी दारात येऊन उभा राहिलो. समोरच्या घरातल्या म्हाताऱ्या काकू दळण घेऊन आल्या होत्या. डबा कमरेवर घेऊन त्या माझ्याशी उभ्या उभ्या बोलल्या, "पोरगी कवा यायची?" मी म्हणालो, "उन्हाळ्यात बघू म्हणाली." डब्याचं वजन त्यांना पेलत नव्हतं. त्या दुसऱ्या कमरेवर घेऊन आणखी थोडं थांबल्या, मग गेल्या.

सोमवारी ऑफिसातून येताना मी सुताराकडं गेलो. बुधवारी संध्याकाळी तो फळी घेऊन आला. सागाची नाही, बाभळीची. दाराच्या डाव्या अंगाला भिंतीत दोन लोखंडी कोन बसवले आणि त्यावर फळी टेकवली. हातानं दाबून बघितली.

"नुसती ऱ्हाईल की ही, काका," तो म्हणाला. "वजनच लई हाय. उगं कशाला भोकं पाडायची?"

"नको. खिळे मारा."

"पावसाळ्यात फुगंल, मग काढाय यायची न्हाई."

"काढायची नाही."

त्यानं दोन्ही टोकांना, कोनांच्या भोकांतून, खिळे मारले. मी पैसे आणायला आत गेलो. बाहेर आलो तर तो फळीवर बसून तंबाखू मळत होता, पलीकडच्या घराकडं तोंड करून. मी फोटो काढून मुलीला पाठवला. सुतार फोटोत आला. तिचं उत्तर दुसऱ्या दिवशी आलं : 'कोण बसलंय?'

ठरलेले अकराशे होते. सुताराला अकराशे दिले. खिळ्यांचे त्यानं वेगळे लावले नाहीत.